साडेआठला फिरणारी चावी

मित्रांनो, मला उचलायचं असेल तर आधी हात पुसा आणि मग कडेनं उचला. मी एक जुनी डीव्हीडी आहे. तुमच्यापैकी काहींनी माझ्या जातीचं कोणी पाहिलंही नसेल, कारण हल्ली सिनेमे म्हणे हवेतून येतात. येऊ देत बापडे. मी कारखान्यात जन्मले. तापलेल्या प्लॅस्टिकवर साचा दाबला गेला, त्यावर चांदीसारखा पातळ थर चढला आणि माझ्या पोटात एक अख्खा स्पॅनिश सिनेमा येऊन बसला. माझ्या डबीवर एक लाल गोल छापला आहे आणि त्यात पंधराचा आकडा आहे. तेव्हा तुम्ही लहान असाल तर मला लावू नका, नुसतं माझं ऐका.

सिनेमाचं नाव मराठीत सांगायचं तर ‘मिठागरावरचं घर’. मला त्याचा फार अभिमान आहे, हे लपवण्यात अर्थ नाही. गोष्ट शंभर वर्षांपूर्वीची. समुद्राकाठच्या मिठागरात एकच घर आहे आणि त्या घराच्या वरच्या खोलीत इनेस नावाची मुलगी अकरा वर्षं कोंडलेली आहे. तिच्या काकानं तिला सांगितलंय की बाहेर साथ आहे, बाहेरची हवा लागली की माणूस मरतो. खरं तर साथ संपून कितीतरी वर्षं झाली आहेत. तिचं जेवण घेऊन येते रेमेदिओस, त्या घरची स्वयंपाकीण. खोलीची चावी तिच्याच कमरेला असते. तिच्या पोटात एक गुपित आहे, आणि ते शेवटी उलगडतं.

माझ्यात भूत नाही. रक्त म्हणाल तर बोटाला सुई टोचते तेवढंच. तरीही मोठमोठी माणसं मला बघताना पाय वर घेऊन बसतात, कारण भीती आहे ती फक्त चावीच्या आवाजाची. दिग्दर्शकानं कॅमेरा एकदाही घराबाहेर नेला नाही, शेवटचं एक मिनिट सोडून. त्या मिनिटात काय आहे? पांढरं मीठ आणि वारा, बस्स. पण तोवर तुम्हीही त्या खोलीत इतका वेळ काढलेला असतो की तेवढ्यानं डोळे भरून येतात. असा सिनेमा पोटात बाळगायला मिळाला, मी नशीबवान आहे.

माझी पहिली मालकीण ब्रिटनमधल्या कार्डिफची ग्वेनबाई. ती शाळेत स्पॅनिश शिकवायची. दर ऑक्टोबरमध्ये मला बाहेर काढायची, मऊ कापडानं पुसायची आणि दिवे न मालवता बघायची. दिवे मालवायची तिची छाती नव्हती. पंधरा वर्षांत तिनं माझ्यावर एक चरा पडू दिला नाही. ती गेल्यावर तिच्या मुलीनं मी होते ते खोकं लेस्टरला नेलं, आणि पुढे चॅरिटी शॉपच्या, म्हणजे दानात आलेल्या जुन्या वस्तूंच्या दुकानाच्या, खालच्या फळीवर माझी रवानगी झाली. माझ्या एका बाजूला योगासनं होती आणि दुसऱ्या बाजूला केक कसे करावेत. मला कोणी हात लावेना. खोटं कशाला बोलू, त्या दोन वर्षांत मी खूप कुढले.

मग ईशिता आली. सतरा वर्षांची, पाठीवर सॅक, कानात इअरफोन. तिला ए-लेव्हलच्या, म्हणजे तिथल्या बारावीच्या, स्पॅनिशसाठी एका सिनेमावर निबंध लिहायचा होता. कॉलेजच्या बाईंनी दिलेल्या यादीत मी होते आणि हवेत मी कुठेच मिळत नव्हते. मला बघून ती दुकानातच किंचाळली. इतकं कौतुक माझं कित्येक वर्षांत झालं नव्हतं.

तिच्या घरी माणसं चार. बाबा अजय, आई सीमा, ती, आणि आबा. आबा म्हणजे रघुवीर, अजयचे वडील. आजी गेल्यावर मुलानं त्यांना नागपूरहून लेस्टरला आणलेलं. नागपुरात त्यांनी तेहतीस वर्षं टेलिफोन एक्स्चेंजमध्ये काढली होती, त्यातली बरीच ट्रंक कॉल जोडण्यात. ट्रंक कॉल म्हणजे परगावचा फोन. तुम्ही नंबर सांगायचा आणि मधल्या माणसानं तो जोडून द्यायचा. आबा ते मधले माणूस होते.

फेब्रुवारीतल्या हाफ टर्मच्या सुट्टीत एका दुपारी ईशितानं मला जुन्या प्लेअरमध्ये सरकवलं. आबा शेजारी येऊन बसले. त्यांच्या एकाच डोळ्याचा मोतीबिंदू काढून झाला होता. खालची इंग्रजी अक्षरं त्यांना गाठता येईनात.

“थांबतच नाहीत ती,” ते म्हणाले. “राहू दे. मी ऐकतो.”

“पण आबा, ते full Spanish आहे. तुम्हाला काही नाही कळणार.”

“बघू तर खरं.”

ते डोळे मिटून बसले. मला आधी राग आला. माझं सगळं सौंदर्य तर चित्रात! पण हा माणूस जसा ऐकत होता, तसं मला आजवर कोणी ऐकलं नव्हतं. अर्धा सिनेमा झाला असेल नसेल, आबांनी हात वर केला.

“जरा थांबव. ही पोरगी त्या बाईला आई काहून म्हणून राहिली?”

ईशिता हसायला लागली. “आबा, ती ‘आय’ म्हणते. Spanish मध्ये ‘आय’ म्हणजे, like, ‘ouch’!”

“असेल. आमच्याकडे साताऱ्याचे कॉल यायचे, तिकडची माणसं आईला आयच म्हणायची. पण शब्द जाऊ दे. दुखलं म्हणून ओरडणारा आवाज खाली पडतो. हिचा वर जाऊन राहिला. ही हाक आहे. आणि ती चावीवाली बाई उत्तर द्यायच्या आधी श्वास रोखते, दर खेपेला. तिला ‘ओ’ द्यायचीय, देता येत नाही. ती आई आहे तिची.”

मित्रांनो, माझ्या अंगावर काटा आला. इतकी वर्षं मी जे गुपित पोटात सांभाळलं, ते या गृहस्थानं एक शब्द चुकीचा ऐकून आणि बाकी सगळं बरोबर ऐकून ओळखलं होतं. तासाभरानं रेमेदिओसनं दार उघडलं, ती ‘माझी मुलगी’ म्हणाली, आणि ईशिता आबांकडे बघतच राहिली.

“Oh my God! तुम्हाला कसा कळला?”

“तेहतीस वर्षं दुसऱ्यांच्या हाका जोडल्या, बाप्पा. कोण कोणाला बोलवतंय हे कळायला भाषा लागत नाही.”

ईशितानं वही उघडली. तिच्या बाईंनी एक प्रश्न दिला होता, तो तिनं आपल्या मोडक्या मराठीत आबांना विचारला. “चावी फिरला की इनेसला कसं वाटत असेल?”

आबांनी विचार केला. “पहिले काही दिवस राग येतो. नंतर राग जातो, पण कान तिथेच लागून राहतात. सकाळी साडेआठला एकदा फिरते. मग दुपारी चारला. मधला वेळ लांब असतो.”

ईशिताचं पेन थांबलं. “आबा, film मध्ये टायमिंग नाहीये.”

आबा दाराकडे बघत राहिले.

“साडेआठला आई-बाबा निघतात. चारला मी येते.” ती उठून उभी राहिली. “ते तुम्हाला लॉक करून जातात?”

“बाबाला काही म्हणू नको,” आबा घाईघाईनं म्हणाले. “तो काळजीपोटी करतो गं.”

झालं होतं असं. नोव्हेंबरात आबा बेलग्रेव्ह रोडला, भारतीय दुकानांच्या रस्त्यावर, मेथी आणायला गेले होते. दुकानदाराशी गप्पा रंगल्या आणि परतताना ते भलत्याच बसमध्ये बसले. फोन घरी चार्जिंगला. चार तास त्यांचा पत्ता नव्हता, अजयनं पोलिसांना कळवलं. दुसऱ्या दिवसापासून अजय बाहेरून दार लावू लागला. तिथल्या दारांचं हँडल वर उचलून चावी फिरवली की ती आतूनही चावीशिवाय उघडत नाहीत, आणि आबांकडे चावी नव्हती. ईशिता पावणेआठलाच कॉलेजला निघायची, आणि बाहेरून आत यायला चावी एरवीही लागायचीच, त्यामुळे तिला हे ठाऊक नव्हतं. नागपूरच्या नातेवाइकांना फोनवर आबा मजेत आहेत एवढंच कळायचं, आणि ते सांगणारे आबाच असायचे.

रागाच्या भरात ईशितानं मला प्लेअरमधून ओढून काढलं. मी तिच्या बोटांतून निसटले, फरशीवर पडले, आणि वर तिचाच पाय माझ्यावर घसरला. ग्वेनबाईनं जे पंधरा वर्षांत होऊ दिलं नाही ते एका क्षणात झालं. माझ्या अंगावर बोटभर लांब ओरखडा उमटला.

संध्याकाळी अजय आणि सीमा आले. कोट काढायच्या आत ईशितानं विचारलं.

“ईशू, it's for his safety,” अजय म्हणाला. “तुला माहितीये ना, त्या दिवशी काय अवस्था झाली होती आमची?”

“आणि fire लागली असती तर, बाबा?”

सीमा मटकन सोफ्यावर बसली. “मी म्हटलं होतं तुला, अजय. एकदाच म्हटलं, नंतर गप्प बसले. माझंही चुकलंच.”

“मग काय करायचं? जॉब सोडून घरी बसू?” अजयचा आवाज चढला.

“काही नको. फक्त हे बघा,” ईशिता म्हणाली आणि तिनं मला पुन्हा लावलं, रेमेदिओस जेवण ठेवून बाहेर जाते त्या प्रसंगापासून. तिला वडिलांना इनेसचा चेहरा दाखवायचा होता. पण तिथेच माझा ओरखडा आडवा आला. दार बंद झालं, चावी फिरली, खट. मी मागे गेले. चावी पुन्हा फिरली. पुन्हा खट. मी पुढे जायची खूप धडपड केली. माझ्यासारख्या स्वाभिमानी डीव्हीडीला चारचौघांत अडकणं म्हणजे मेल्याहून मेल्यासारखं. अजयनं रिमोटची सगळी बटणं दाबून पाहिली. खट. खट. खट.

शेवटी त्याच्या हातातला रिमोट खाली आला.

“आबा,” तो अगदी बारीक आवाजात म्हणाला, “रोज असा आवाज यायचा?”

“नाही रे,” आबा म्हणाले. “तू फार हळू फिरवायचास. मला ऐकू येऊ नये म्हणून.”

अजयनं दोन्ही हातांनी तोंड झाकलं. तो रडत होता. सीमानं उठून प्लेअर बंद केला.

सुट्टी संपली त्या सोमवारी अजय कामावर उशिरा गेला. त्यानं आबांना दारापाशी नेऊन हँडल कसं उचलायचं, चावी किती फिरवायची, हे चार वेळा दाखवलं. “फोन खिशात ठेवाल ना? आणि बसचा नंबर—” असं तो म्हणत होता. त्याची भीती गेली नव्हती. आबांनी दार स्वतः उघडलं, स्वतः लावलं आणि पुन्हा उघडलं. मुलाला बाय करून ते त्याच्या मागोमाग बाहेर पडले.

मी आता निरुपयोगी झाले आहे. ईशितानं ओरखडा घासून पाहिला, टूथपेस्टसुद्धा लावली, गेला नाही. निबंध मात्र तिनं माझ्यावरच लिहिला. तुम्हाला माझं एकच सांगणं आहे. वस्तूंना जपा, त्यांना डबीत ठेवा, फळीवर ठेवा, आम्हाला चालतं, आम्ही त्यासाठीच असतो. पण जिवंत माणसाला जपायला निघालात तर आधी त्यालाच विचारा, तुला कसं जपू? आणि तो ‘मी मजेत आहे’ म्हणाला, तर नुसते शब्द ऐकून फोन ठेवू नका.

मला कोणीतरी बघावं म्हणून मी जन्मभर झुरले. आज मंगळवार, दुपारचे तीन वाजलेत, आणि मी टीव्हीखालच्या कप्प्यात पडून आहे. घरात मला बघायला कोणी नाही. कोणीच नाही. इतकं बरं मला कधी वाटलं नव्हतं.