सगळ्यांविरुद्ध सगळे

"दादा, तू चिलखतवाला घेऊ नकोस हां! मागच्या वेळी नुसता कोपऱ्यात बसून राहिलास, खुडूक कोंबडीसारखा."

"मग तू तिरंदाजीण सोड की. लांबून मारतेस आणि पळतेस."

हेडफोन कानांवर चढवता चढवता सिस्टरना हसू आलं. सगळी नोकरी वॉर्डात गेली होती. पाऊल न वाजवता शिरायचं, पेशंट जागा होता कामा नये, ही सवय खेळातही सुटली नव्हती. माइक बंद ठेवूनच त्या यायच्या. हिरो निवडायच्या गडबडीत आज कुणाचं लक्षही गेलं नाही.

त्यांची तीन मुलं तीन गावांना. रविवारी दुपारी या ऑनलाइन खेळात भेटायची. आजचा डाव सगळ्यांविरुद्ध सगळे. कुणी कुणाचा नाही, जास्त मारेल तो पहिला.

"आई यायच्या आत ठरवून टाकू," धाकटा म्हणाला. "घरमालक जागा सोडायला सांगतोय तिला. रोज फोनवर भांडण्यापेक्षा, ज्याचा नंबर शेवटचा त्याच्याकडे आई."

आता थोरला याला चांगला झापणार, असं सिस्टरना वाटलं.

"चालेल," थोरला म्हणाला. "पण मग मी चिलखतवालाच घेणार!"

तिघंही खो खो हसली.

पोरांनी वॉर्डात आणून टाकलेली म्हातारी माणसं सिस्टरनी थोडीथोडकी पाहिली नव्हती. त्यांच्या उशा सारख्या करताना दर वेळी मनात यायचं, माझी तशी नाहीत.

त्यांनी माइक उघडला. "आले रे."

"आई! घे लवकर. भालेवाली ना, नेहमीची?"

"नको. वैद्यीण घेते."

"वेड लागलं का तुला?" लेक ओरडली. "वैद्यीण सोबत्यांना बरं करते. इथे सोबती कोण आहे?"

"माहीत आहे गं."

डाव सुरू झाला. एरवी टोमणे, आरडाओरडा. आज कुणी चकार शब्द काढेना. इतकं मन लावून ही पोरं कधी अभ्यासाला बसली नव्हती. धाकटा तर जिवावर उदार होऊन लढत होता. वैद्यीण मैदानाच्या मधोमध उभी राहिली. तिला मारलं की ती पुन्हा उठायची, पुन्हा तिथेच येऊन उभी. तिने कुणावर हात उचलला नाही.

नंबर झळकले. सगळ्यांत खाली वैद्यीण, शून्य.

"आई, हे काय? एकालाही नाही मारलंस?"

"शेवटचा नंबर माझा ना? मग झालं तर. आई माझ्याकडे."

लेक म्हणाली, "आई, अगं... आमची गंमत चालली होती."

"घसा बसलाय तुझा. मिठाच्या पाण्याने गुळण्या कर," सिस्टर म्हणाल्या आणि त्यांनी हेडफोन काढून ठेवला.

मग एजंटला फोन लावला.

"एका माणसापुरती खोली हवी. हो, मीच राहणार. जिने चालतील हो. उजेड हवा."