तोआदेरसाठी एक मेणबत्ती

मित्रांनो, मी एक जुना सिनेमाचा कॅमेरा आहे. माझी पेटी अक्रोडाच्या लाकडाची आहे आणि तिची एक बाजू जळून काळी पडली आहे. ती कशी जळली, ते आज सांगतो.

बुखारेस्टच्या निकानोर द्रागुलिन यांनी द्राक्षमळा विकून मला पॅरिसहून आणले. त्यांनी हँडल फिरवले की मी चित्रे टिपायचो. मागे दिवा ठेवला की तीच चित्रे भिंतीवर दाखवायचो. डॅन्यूबचा पूर, जत्रेतली अस्वले, लग्नात नाचणाऱ्या म्हाताऱ्या, सारे आम्ही टिपले. वर्तमानपत्रांनी निकानोरांचे कौतुक केले. मग महायुद्ध आले आणि सैन्याबरोबर आम्ही मोल्दाविआच्या खंदकांत पोहोचलो.

तिथले शिपाई माझी थट्टा करीत. तोआदेर नावाचा एक तरुण तर रोज ओरडायचा, "निकानोरभाऊ, ही कॉफीची चक्की नुसतीच फिरवता! कॉफी कधी पाजणार?"

"आधी नीट हस, मग पाजतो," निकानोर म्हणायचे. तोआदेर हसला. मी ते हसू टिपले. त्याच आठवड्यात तोफेचा गोळा पडला आणि तोआदेर गेला.

रोमानियात मरणाऱ्याच्या हाती पेटती मेणबत्ती देतात. ती मिळाली नाही, तर त्याला परलोकात अंधारात चाचपडावे लागते, असे तिथले लोक मानतात. खंदकात मेणबत्ती कोण देणार?

युद्ध संपल्यावर निकानोर मला आणि फितींच्या डब्यांना घेऊन तोआदेरच्या गावी गेले. त्या गावची बरीच मुले आमच्या फितींत होती. सकाळी खिडकीपाशी त्यांनी तोआदेरच्या आईला, सफ्तामावशींना, एक फीत उजेडात धरून दाखवली.

"हा बघा, मावशी. तुमचा तोआदेर इथे आहे."

नखाएवढा चेहरा मावशी कितीतरी वेळ बघत राहिल्या. "अंधारातच गेला हो माझा," एवढेच बोलल्या.

तो मृतांचा शनिवार होता; त्या दिवशी तिथे मेलेल्यांच्या नावाने गोड गहू वाटतात आणि मेणबत्त्या लावतात. चित्रे दाखवायला अंधार हवा, म्हणून शाळेच्या खिडक्यांना घोंगड्या लावल्या. बायका गोड गहू आणि मेणबत्त्या घेऊन आल्या.

"मेणबत्त्या बाहेर ठेवा," निकानोर म्हणाले.

"आजच्या दिवशी?" इलिंकाबाई कडाडल्या. त्यांचाही मुलगा युद्धात गेला होता. "पाद्री असे म्हणाला असता, तर त्यालाच बाहेर ठेवला असता!"

सगळ्या हसल्या. निकानोर ओशाळले. "बरे, भिंतीपाशी लावा. माझ्यापासून लांब." का लांब, ते काही त्यांनी सांगितले नाही. ती फीत वाळल्या गवताहूनही लवकर पेटते, हे त्या बायकांना कसे कळावे?

भिंतीवर तोआदेर हसला आणि क्षणात गेला. "थांबवा! थांबवा त्याला!" मावशी ओरडल्या. पण फीत थांबवली, तर दिव्याच्या आचेने पेटते. निकानोर हँडल फिरवत राहिले.

पहिली फीत संपली. निकानोर घोंगडी सारायला खिडकीकडे वळले. तेवढ्यात मावशी मेणबत्ती घेऊन माझ्याजवळ आल्या. मुलगा भिंतीवर नाही, फितीत आहे, हे त्यांना सकाळीच कळले होते.

"धर रे, बाळा. उजेड धर."

मोठा भडका उडाला. मावशींना कुणीतरी मागे ओढले. निकानोरांनी जळते डबे हातांनी उचलायला घेतले. एकही वाचला नाही. मूळ फिती आणि प्रती एकाच टेबलावर होत्या. निकानोरांची बोटे एकमेकांना चिकटून गेली. ती पुन्हा माझ्या हँडलवर आली नाहीत.

अंगणात मावशी शांत बसल्या होत्या. "मिळाला त्याला उजेड," त्या म्हणाल्या.

इलिंकाबाई त्यांच्यासमोर उभ्या राहिल्या. "आणि माझा, सफ्ता? माझा तर अजून भिंतीवर यायचा होता."



मित्रांनो, नाजूक वस्तूपासून कुणाला दूर ठेवताना त्याचे कारणही सांगा. आणि घरात कुणाचे एकच चित्र असेल, तर त्याची प्रत काढून दुसऱ्या घरी ठेवा. इलिंकाबाईंचा मुलगा मी पाहिला होता. त्याच्या गालावर खळी पडायची. पण फितीशिवाय मला काहीच दाखवता येत नाही, आणि त्याला ओळखणारी त्याची आई पुढच्याच हिवाळ्यात गेली.