दार लोटून घे गं

विरी हा रोग माणसाला पोखरतो, असे लोक म्हणत. प्रत्यक्षात तो माणसाभोवतीच्या काळाला पोखरी. धुऊन धुऊन विरलेल्या चादरीतून खालची गादी दिसावी, तसा रोग्याच्या आसपास आजचा दिवस विरळ होई आणि त्याखालचा जुना दिवस डोकावे. भुताखेतांशी याचा काडीचाही संबंध नव्हता. जे एकदा घडून गेले तेवढेच, त्याच जागी, जसेच्या तसे झिरपे. त्याला प्रश्न विचारून उपयोग नसे.

तापमापींच्या कारखान्यात तपासनीस असलेल्या तिला ही व्याख्या पटली होती. जन्मभर बस चालवून निवृत्त झालेल्या आपल्या बाबांना विरी झाली आहे, असे डॉक्टरांनी सांगितले तेव्हाही तिने रडण्याआधी पुरावा तपासला. पुरावा घरातच होता. संध्याकाळी ती कामावरून येऊन चपला काढते न काढते, तोच काही वर्षांपूर्वी वारलेली आई स्वयंपाकघरातून म्हणे, "दार लोटून घे गं, वारा येतोय." मग भांड्यावर झाकण पडल्याचा आवाज, एक खोकला, बस्स. बाबा थकले होते, एकच गोष्ट दोनदा सांगत होते. निदान चपखल बसले.

उपचार साधा होता. नव्या इमारतीतल्या, जिथे अजून काहीच घडलेले नाही अशा खोलीत काही महिने एकट्याने राहायचे, म्हणजे काळ पुन्हा घट्ट होई. नाही राहिले, तर एखाद्या दिवशी रोगीच जुन्या दिवसात उतरे आणि परत येत नसे.

हे कळूनही तिने चालढकल केली. आधी म्हणाली, खोलीला रंगाचा वास येतो. मग म्हणाली, कारखान्यात कामाचा डोंगर आहे. खरे कारण स्वयंपाकघरात होते. नवस-अंगाऱ्यांना नाक मुरडणारी ती हल्ली सुटी झाली की घराकडे धावत सुटे. फाटकावरचा पहारेकरी चेष्टेने विचारी, घरी कोण एवढी वाट बघतंय? ती म्हणे, बाबा. ते अर्धेच खरे होते.

मग एकदा जिना चढताना बाबांना चक्कर आली आणि तिच्या सबबी संपल्या. नव्या खोलीच्या दारावर कुणाच्या हाताचा डागही नव्हता. बाबा चौफेर बघून म्हणाले, ही तर कोरी बस, मागच्या सीटवर कुणी नावसुद्धा कोरलेलं नाही.

दुसऱ्या दिवशी ती कारखान्यातून रेंगाळत निघाली. घर मुके असणार, याची तिने मनाला सवय लावून घेतली होती. कुलूप उघडले, चपला काढल्या.

"दार लोटून घे गं, वारा येतोय."

ती उंबरठ्यातच थिजली. तापमापीजवळ तोंड नेऊ नका, अंगाची ऊब पाऱ्याला चढते, लांब उभ्या राहून दुर्बिणीतून आकडा वाचा: नव्या मुलींना ती हे रागावून शिकवी. आणि स्वतःच्या घरात मोजमाप करताना ती स्वतःलाच हिशेबात धरायची विसरली होती. काचेने कापलेले तिचे बोट केव्हाच बरे झालेले, ती जुनी जखम गेल्या आठवड्यात आपोआप पुन्हा ओली झाली होती. तिने पट्टी गुंडाळून विषय मिटवला होता.

झाकण पडले. खोकला आला. हे कुणालाच सांगितले नाही तर, असा विचार तिच्या मनात आला, आणि तो फार गोड होता.

तरी ती बाबांकडे गेली, आणि मी घरी नसताना आई कधी बोलायची का, असे तिने विचारले.

"छे. तू आलीस की यायची," बाबा म्हणाले. "मला वाटायचं, तुला बघायला येते."

तिने सगळे सांगितले. खोलीत राहायला जायचं थोडे दिवस लांबवते, तुम्हालाही ऐकायला मिळेल, असेही म्हणाली. बाबांनी लगेच नाही म्हटले नाही. त्यांनाही ते हवे होते, हे तिला दिसले.

"ती गेलीच आहे," ते अखेर म्हणाले. "तू माझ्या आधी जायचं नाहीस."

आपले निदान चुकले असे न म्हणता डॉक्टर म्हणाले की त्यात थोडी सुधारणा करावी लागेल. बाबांचा रक्तदाब कमी निघाला. त्यांना मीठ वाढवायला सांगितले.

बाबांना घरी सोडायला आणि नव्या खोलीसाठी भरून ठेवलेली आपली बॅग न्यायला ती आली तेव्हा आवाज आलाच. बाबा खुर्चीत डोळे मिटून बसले होते. इतक्या दिवसांत तिने ते दार आईने सांगताच कधी लोटले नव्हते. कान टवकारून ती तशीच उभी राही.

"दार लागल्याचा आवाज ऐकल्याशिवाय मी कधी गाडी हलवली नाही," बाबा डोळे न उघडता म्हणाले. "नीट ओढ."

तिने बॅग उचलली आणि बाहेर होऊन दार ओढून घेतले. आत झाकण पडले. मग खोकला. ती लांब जाईल तशी घरातली आई विरत जाणार होती. एरवी जिना धडाधड उतरणारी ती, कठड्याला धरून, एकेक पायरी थांबत उतरली.