पाण्याची गोळी

शहरात उन्हाळी क्रीडास्पर्धांचा मोठा मेळा भरायचा ठरला आणि स्वयंसेवक हवेत अशी जाहिरात आली, तेव्हा बस डेपोतल्या चौघींनी अर्ज भरले. तिघींना फाटकावर आणि पाणीवाटपावर नेमलं. चौथीला, म्हणजे कंडक्टरबाईंना, मुलाखतीत विचारलं, "एका माणसावर तीन-चार तास नजर ठेवता येईल का?"

"एका? मी एकवीस वर्षं साठ जणांवर ठेवतेय," कंडक्टरबाई म्हणाल्या. "तिकीट न काढलेला माणूस मला नुसत्या मानेवरून कळतो."

मुलाखत तिथेच संपली. त्यांना उत्तेजक चाचणीच्या विभागात घेतलं.

काम सोपं होतं, पण चिवट. सामना संपला की नेमून दिलेल्या खेळाडूला गाठायचं, "तुमची चाचणी आहे" असं सांगायचं, कागदावर सही घ्यायची, आणि तिथून तिच्या लघवीचा नमुना बाटलीत पडेपर्यंत तिला नजरेआड होऊ द्यायचं नाही. ती जेवली तर समोर बसायचं, रडली तर शेजारी उभं राहायचं. सल्ला मात्र द्यायचा नाही. प्रशिक्षणात हे दोनदा बजावलं होतं, आणि दोन्ही वेळा बजावणारी बाई कंडक्टरबाईंकडेच बघत होती.

तिसऱ्या दिवशी ज्यूदो होतं. बायकांचा सगळ्यांत हलका गट, अठ्ठेचाळीस किलोंचा. चिठ्ठीत जिचा क्रमांक निघाला होता ती पोरगी पहिल्याच फेरीत दीड मिनिटात पाठीवर आपटली. उठली, वाकून नमस्कार केला आणि गादीवरून खाली उतरली. कंडक्टरबाई कागद घेऊन पुढे झाल्या.

"माझी चाचणी?" पोरगी म्हणाली. "अहो, मी हरलेय."

"हरलेल्यांचीही असते. चिठ्ठ्या टाकतात."

"म्हणजे आज चिठ्ठी तरी लागली म्हणायची." तिने सही केली. सहीची शेपटी खालच्या ओळीत गेली.

पोरगी विशीची असेल. गालफडं बसलेली, ओठ फुटलेले. तिच्या पिशवीवर कुणीतरी लाल दोऱ्याने 'मुंगी' असं भरलं होतं. संघात तिला सगळे तेच म्हणत.

चाचणी केंद्र हॉलच्या तळघरात होतं. लांबट खोली, भिंतीला लावलेल्या खुर्च्या, सीलबंद पाण्याच्या बाटल्यांनी भरलेला फ्रीज, वर एक टीव्ही आणि कोपऱ्यात आरसे लावलेलं स्वच्छतागृह. टेबलापाशी चाचणीच्या डॉक्टरीणबाई बसल्या होत्या. त्या जेवढ्यास तेवढं बोलत.

"झाली की सांगा," एवढंच त्या म्हणाल्या.

होईना. मुंगीने एक बाटली प्यायली, दुसरी प्यायली. टीव्हीवर निरनिराळे खेळ चालू होते. एक घोडा टापा उचलून तालात तिरका चालत होता.

"हा कुठला खेळ?" कंडक्टरबाईंनी विचारलं.

"घोड्याची कवायत म्हणा. त्यालाही पदक असतं."

"घोड्याला?"

"वर बसलेल्याला."

"बघा! काम एकाचं, पदक दुसऱ्याला. आमच्या डेपोसारखंच."

मुंगी पहिल्यांदा हसली. मग चालण्याची शर्यत लागली. वीसेक बायका कमरा हलवत जिवाच्या आकांताने चालत होत्या आणि पंच त्यांच्या पायांकडे बघत होते. पळलं तर बाद, हे मुंगीने समजावून सांगितलं. "एवढी घाई असून पळायचं नाही म्हणजे छळच की," कंडक्टरबाई म्हणाल्या. चौथ्या बाटलीनंतर मुंगी उठली. डॉक्टरीणबाई तिच्याबरोबर आत गेल्या आणि दोघी बाहेर आल्या. डॉक्टरीणबाईंनी नमुन्याचे दोन थेंब यंत्राच्या काचेवर टाकले आणि मान हलवली.

"फार पातळ आहे. नुसतं पाणीच. दुसरा द्यावा लागेल. आता पिणं आवरा."

मुंगी खुर्चीत कोसळली. "तीन दिवस घशाखाली घोट जात नव्हता आणि आज म्हणे पाणीच पाणी."

"तीन दिवस?"

"वजन उतरवायचं होतं. काल संध्याकाळी काट्यावर उभं राहायचं होतं ना. दीड किलो जास्त भरत होतं. जेवण बंद, पाणी बंद, स्वेटर घालून पळणं. तरी शेवटचं पाव किलो हलेना. मग परवा रात्री मामांनी गोळ्या दिल्या."

मामा म्हणजे तिच्या आईचे सख्खे भाऊ आणि तिचे प्रशिक्षक. वडील गेल्यावर त्यांनीच तिला नवव्या वर्षी ज्यूदोच्या गादीवर उभं केलं होतं. फी, पोशाख, प्रवास, सगळं त्यांचंच. हे सांगताना मुंगीच्या आवाजात अभिमान होता.

"कसल्या गोळ्या?" कंडक्टरबाई सहज बोलून गेल्या.

"पोटातला वात जायच्या. एवढीशी पांढरी, मधोमध रेघ. काय सांगू मावशी, रात्रभर बाथरूमच्या वाऱ्या. सकाळी पोटरीत असे गोळे आले की भिंत धरून उठले."

तसलीच गोळी कंडक्टरबाई रोज सकाळी चहाबरोबर सासूबाईंच्या हातावर ठेवत. सासूबाईंच्या पायांना सूज होती. गोळी घेतली की दुपारपर्यंत त्या स्वच्छतागृहाजवळची खुर्ची सोडत नसत.

समोरच्या भिंतीवर मनाई असलेल्या औषधांचा तक्ता होता. कंडक्टरबाईंनी तो तीन दिवसांत इतक्यांदा वाचला होता की बसच्या थांब्यांसारखा पाठ झाला होता. पाचवी ओळ होती, शरीरातलं पाणी काढणारी औषधं. सल्ला द्यायचा नाही, हे त्यांना आठवत होतं. पण समोर बसलेल्या पोरीपासून हे लपवणंही त्यांना जमेना.

"माझ्या सासूबाई अशीच गोळी घेतात," त्या म्हणाल्या. "वाताची नसते ती. पाण्याची असते."

मुंगीने त्यांच्याकडे बघितलं, मग तक्त्याकडे. उठून तक्त्यापाशी गेली. परत आली तेव्हा तिचा चेहरा उतरला होता.

"मला माहीत होतं," ती हळूच म्हणाली. "म्हणजे माहीत नव्हतं, पण विचारलंही नाही. मामा देतायत म्हटल्यावर काय विचारायचं?"

टीव्हीवर बांबूसारख्या काठीवर उडी मारणारा एक जण आडव्या दांडीला घेऊन खाली पडला.

"मी आत्ता उठून निघून गेले तर?"

"चाचणी नाकारली असं धरतात. तो सल्ला नाही, नियम आहे. सही घेताना वाचून दाखवला होता."

"आणि फॉर्मवर औषधं लिहायची असतात ना? मावशी, तुम्ही काय कराल?"

"मला सल्ला द्यायला मनाई आहे गं."

"मग नका देऊ. तुमच्यावर असं कधी आलं का, ते सांगा."

कंडक्टरबाईंनी पदराला हात पुसले. नोकरीच्या दुसऱ्या वर्षी त्यांचा धाकटा भाऊ त्यांच्याच बसमध्ये चढला होता. बहिणीची बस म्हणून तिकीट न काढता ऐटीत पुढे बसला. दोन थांब्यांनी तपासनीस चढला. "मी सांगून टाकलं, माझा भाऊ आहे, मी तिकीट दिलं नाही म्हणून. मला पंधरा दिवस घरी बसवलं. भावाला चार लोकांसमोर खाली उतरवलं. तो वर्षभर माझ्या दारात आला नाही."

"मग?"

"मग आला. त्याच्या मुलीला कांजिण्या झाल्या होत्या, तिला सांभाळायला कुणी नव्हतं. पण ते वर्ष वाईट गेलं. खोटं कशाला सांगू?"



तेवढ्यात मामा आले. त्यांची दुसरी खेळाडू वरच्या गटात अजून खेळत होती, म्हणून त्यांना उशीर झाला होता. उंच, सडपातळ माणूस, गळ्यात शिट्टी, हातात भाचीसाठी केळं. त्यांनी तिच्या डोक्यावरून हात फिरवला. "लागलं नाही ना फार? पाठ बघू. जाऊ दे, पुढच्या वेळी तिला तिथेच लोळवू." कंडक्टरबाईंना वाटलं होतं माणूस पाजी दिसेल. तो तसा दिसत नव्हता.

तासाभराने मुंगीने दिलेला दुसरा नमुना यंत्रावर चालला. डॉक्टरीणबाईंनी मुंगीकडूनच तो दोन बाटल्यांत ओतून घेतला आणि झाकणं करकचून फिरवली. मग त्या सीलचे क्रमांक तपासायला पलीकडच्या टेबलावर गेल्या. फॉर्म मुंगीच्या पुढ्यात होता.

मामा खुर्ची सरकवून जवळ आले आणि खालच्या आवाजात म्हणाले, "गोळीचं काही लिहायचं नाही. जीवनसत्त्वं लिही आणि सही कर."

"मामा, ती पाण्याची गोळी होती?"

"एवढ्याशा गोळीचं काय सापडतंय? अर्धीच तर दिली होती."

"दोन दिल्या होत्यात."

"अगं, लिहिलंस तर तू संपलीस, मी संपलो. तुझ्या आईला मी काय तोंड दाखवू?"

कंडक्टरबाई दोन्ही हात मांडीखाली दाबून बसल्या होत्या. त्यांनी ना मान वळवली, ना कान झाकले. डॉक्टरीणबाई परत आल्या, पेन उघडलं आणि विचारलं, "गेल्या सात दिवसांत घेतलेली औषधं?"

"जीवनसत्त्वं," मामा म्हणाले.

"मी खेळाडूला विचारतेय."

मुंगीने पेन मागून घेतलं आणि स्वतःच्या हाताने लिहिलं. दोन गोळ्या, पांढऱ्या, वजन कमी करण्यासाठी, नाव माहीत नाही. 'कोणी दिल्या' असा रकाना फॉर्ममध्ये नव्हता, म्हणून तिने शेऱ्याच्या जागी लिहिलं, 'माझ्या प्रशिक्षकांनी'. मामा उठून उभे राहिले. केळं टेबलावर तसंच ठेवून ते निघून गेले.

"मावशी," मुंगी म्हणाली, "आता मला एकटीला सोडतील ना?"

"हो. माझं काम संपलं."

तरीही कंडक्टरबाई तिच्याबरोबर दारात उभ्या असलेल्या खेळाडूंच्या बसपर्यंत गेल्या.

पाच आठवड्यांनी निकाल आला. नमुन्यात औषध सापडलं होतं. चौकशी बसली आणि कंडक्टरबाईंना डेपोतल्या ऑफिसच्या संगणकासमोर बसवून साक्ष घेतली. पडद्यावर एका चौकोनात मुंगी होती, एकात मामा, एकात मामांचे वकील. वकिलांनी विचारलं, "तुम्ही व्यवसायाने बस कंडक्टर. तुम्हाला औषधांतलं काय कळतं?"

"औषधांतलं नाही कळत. ऐकू येतं," कंडक्टरबाई म्हणाल्या, आणि मामांचे शब्द त्यांनी जसेच्या तसे सांगितले. मामांनी पूर्ण वेळ टेबलाकडे बघितलं. शेवटी, वकील नको म्हणत असताना, ते एवढंच बोलले, "पोरीला शिक्षा कमी द्या. तिने गोळी मागितली नव्हती." तिथे कंडक्टरबाईंना गलबलून आलं, आणि त्याचा त्यांना रागही आला.

मामांवर सहा वर्षांची बंदी आली. मुंगीला चौदा महिने मिळाले. स्वतःहून लिहिलं म्हणून कमी केले, असं निकालात होतं. सल्ल्याचा नियम मोडल्याबद्दल कंडक्टरबाईंनाही एक पत्र आलं. यापुढे त्यांना या कामासाठी बोलावण्यात येणार नाही, असं त्यात सभ्य भाषेत लिहिलं होतं. त्यांनी ते ड्रॉवरमध्ये टाकलं.

मुंगी अधूनमधून फोन करायची. सुरुवातीचे महिने वाईट होते. आई तिच्याशी बोलत नव्हती, ताट वाढायची आणि स्वयंपाकघरात जायची. "तुमच्यामुळे झालं सगळं," असं मुंगी एकदा फोनवर रडून म्हणाली. कंडक्टरबाईंनी ऐकून घेतलं. दोन दिवसांनी तिचाच फोन आला, आणि त्या बोलण्याचा विषय दोघींनीही काढला नाही. हळूहळू आई बोलायला लागली, आधी कामापुरतं, मग भांडायला, मग नेहमीसारखं. मामांच्या घरी जाणं मात्र आईचंच चालू होतं, मुंगीचं नाही.

बंदी उठल्यावर ती बावन्न किलोंच्या गटात उतरली. नवीन प्रशिक्षिका आहे, खडूस आहे, पण सकाळी खाल्लं की नाही हे आधी विचारते, असं मुंगीने सांगितलं. पहिल्या स्पर्धेत ती तिसरी आली. त्या दिवशी कंडक्टरबाईंची दुपारची पाळी होती. फोन आला तेव्हा बस थांब्यावर उभी होती आणि लोक दारात लोंबकळत होते.

"मावशी, तिसरी!"

"शाबास! आतमध्ये सरका हो, जागा आहे मागे. तुला नाही गं, तुला नाही. सांग, कुणाला पाडलंस?"

मुंगी सांगत राहिली आणि कंडक्टरबाईंनी फोन खांद्याने कानाशी धरून घंटी वाजवली.