अर्ध्या श्वासाने मागून

मालिकांत मरण्याच्या कामात अन्सेल्मोचा हात धरणारा मेक्सिकोत कोणी नव्हता. तो घोड्यावरून पडून मेला, विष पिऊन मेला, एकदा तर धन्याच्या लग्नात केक कापता कापता मेला. उरलेल्या वेळात नोकर होऊन दार उघडायचं आणि पाहुणे आल्याचं सांगायचं. तेवढंसं बोलणंही त्याचं स्वतःचं नसे. आमच्या स्टुडिओत पाठांतराला वेळ कोणाला आहे? नटाच्या कानात इवलंसं यंत्र, काचेआडच्या खोलीत प्रॉम्प्टर बाई. तिने वाक्य सांगायचं, त्याने अर्ध्या श्वासाने मागून तेच म्हणायचं.

अन्सेल्मोच्या कानात कायम ओतिलियाच असे. "उजवीकडे वळ. रड. पुरे, आता नाक पूस."

सप्टेंबरात ती गेली. आवाज मात्र गेला नाही. यंत्र डबीत बंद असलं तरी घरी सूप ढवळताना ती सांगायची, "मीठ टाक. शेजारीण आलीय, म्हण, बरा आहे." तो म्हणायचा, बरा आहे. भीती वाटायची, नाही असं नाही. पण तिच्याशिवाय तोंड उघडायची भीती त्याहून मोठी होती.

मृतांच्या दिवशी स्टुडिओच्या व्हरांड्यात वेदी मांडली. झेंडू, मेणबत्त्या, गोड पाव, मेस्कल दारूची बाटली. गेलेल्या नटांचे फोटो रांगेने लागले, ओतिलियाचा काही सापडेना. काचेआडच्या बाईचा फोटो कोण काढतो! शेवटी तिचा कॉफीचा मग ठेवला.

"काका, दोन शब्द बोला," कपडेपटातली हर्मिनिया म्हणाली. "आज ती जेवायला येणार, संध्याकाळी परत जाणार."

"मी बोलू?"

"मग काय कॅमेऱ्याने बोलायचं? जन्मभर तिनं तुम्हाला घास भरवले. आज एक तुम्ही भरवा की!"

मेलेली माणसं येतात, जेवतात, जातात, हे पोराटोरांनाही ठाऊक आहे. पण घरात राहायला आलेली ओतिलियाही आज जाईल, हे अन्सेल्मोच्या डोक्यातच आलं नव्हतं.

सवयीने त्याने यंत्र कानात घातलं आणि वाट पाहिली. कान रिकामा. लोक ताटकळले. लाइटवाला कुजबुजला, "कसलेला नट बघ, किती ताणतोय!"

"ओतिलिया," शेवटी तोच म्हणाला. "मी तुझ्या खोलीत कधी आलो नाही."

आणि कानात, अर्ध्या श्वासाने मागून, ती म्हणाली, "मी तुझ्या खोलीत कधी आलो नाही."

तो पुढे म्हणाला, "दार समोरच होतं."

"दार समोरच होतं."

"वाटायचं, तू हसशील मला."

"वाटायचं, तू हसशील मला."

मग त्याला कळलं. आता वाक्य त्याने द्यायचं होतं. जोवर तो बोलेल, तोवर तिला मागून यावंच लागेल. गप्प बसला की ती गेली.

तो बोलत सुटला. लोकांनी डोळे पुसले, टाळ्या वाजवल्या, पांगले. सहदिग्दर्शक धावत आला. "काका, शॉट! नाही आलात तर लेखक तुम्हाला जिन्यावरून ढकलेल हं!" अन्सेल्मोने मान हलवली आणि बोलतच राहिला. आईबद्दल, गावच्या विहिरीबद्दल, निळ्या कोटाबद्दल. दुपारी स्वतःचं सगळं संपलं, तेव्हा त्याने भूमिका काढल्या. "घोडे तयार आहेत, मालक." "पत्र जाळून टाकलं, सरकार."

तीही म्हणत होती. पण आधी एका श्वासाने मागून, मग दोन, मग कितीतरी. ऊन उतरलं. मेणबत्त्या बोटभर उरल्या. घसा बसला होता, आणि आठवणीत एका नोकराचं एकच वाक्य शिल्लक होतं. ते त्याने रडत रडत म्हटलं.

"बाईसाहेब, दिवा मालवू का?"

बराच वेळ काहीच आलं नाही. मग लांबून आवाज आला, आणि वाक्य त्याचं नव्हतं.

"मालव, अन्सेल्मो. घरी जा. म्हण, येतो मी."

त्याने ओठ घट्ट मिटले. तिने सांगितलेलं वाक्य त्याने आजवर कधी गाळलं नव्हतं. हा निरोप मात्र तो म्हणाला नाही. विझत आलेल्या मेणबत्तीभोवती ओंजळ धरून तो तसाच बसून राहिला.