पडद्यावर न आलेले नाव

मित्रांनो, मी एक जुना पियानो आहे. माझ्या काही पट्ट्या आता दाबल्या तरी गप्प राहतात, पण आठवणी शाबूत आहेत.

पॅरिसच्या बेलव्हिल वस्तीतल्या एका सिनेमागृहात, पडद्याखाली माझी जागा होती. तेव्हा चित्रपट मुके होते. पडद्यावर घोडे धावू लागले की ऑक्ताव्ह रिव्होलची बोटे माझ्यावर धावत. नायिका रडली की तो मला इतके हळुवार बोलायला लावी की पुढच्या रांगेतल्या बायका संत्री सोलायच्या थांबत.

मग चित्रपट बोलू लागले. मालकाने भोंगे बसवले, ऑक्ताव्हला घरी पाठवले आणि मला अंगणात काढून टाकले. ऑक्ताव्हने कोळसेवाल्याची हातगाडी मागून आणली आणि मला घरी नेले. दारात त्याची बायको सोलांज उभी होती.

"नोकरी गेली, आणि आणलंस काय, तर हे धूड! झोपायचं कुठे आपण?"

"याच्याखाली," तो म्हणाला. ती हसली, आणि तिनेच मला पुसले.

पुढे फिर्मँ देल्मा येऊ लागला. तो ऑक्ताव्हचा युद्धातला सोबती, आता दिग्दर्शक झालेला. सोलांजच्या हातचे कांद्याचे सूप ओरपत तो म्हणाला, "माझ्या पहिल्या बोलपटाचं संगीत तूच करायचंस. पडद्यावर तुझं नाव एवढं मोठं लिहीन बघ!" आणि त्याने दोन्ही हात पसरले.

तो हिवाळा माझ्या आयुष्यातला सर्वांत सुखाचा. सोलांज लोकांच्या कपड्यांना इस्त्री करी. तिच्या इस्त्रीचा ठेका ऑक्ताव्हने उचलला आणि त्यावर बोलपटासाठी एका धोबिणीचे गाणे बांधले. ते पहिल्यांदा माझ्यातून उमटले, तेव्हा सोलांजची इस्त्री हवेतच थांबली आणि तिच्या डोळ्यांत पाणी आले.

चित्रपट लागला. दोघे ठेवणीतले कपडे घालून गेले. परत आल्यावर सोलांजने टोपी माझ्यावर आपटली.

"अरे, बोल ना काहीतरी! चाल तुझी, ठेका माझ्या इस्त्रीचा, आणि नाव कुणाचं? फिर्मँच्या मेव्हण्याचं!"

"चूक झाली असेल," ऑक्ताव्ह पुटपुटला. "फिर्मँ असं करणार नाही."

दुसऱ्या दिवशी फिर्मँ वाइनची बाटली घेऊन आला. "निर्मात्याला नावाजलेला माणूस हवा होता रे. तुला कोण ओळखतं? पुढच्या वेळी नक्की. आज सूप नाही का, वहिनी?"

"संपलं," सोलांज म्हणाली. "तुझ्यासाठी कायमचं."

गाणे गल्लोगल्ली पोचले. एके सकाळी मासेवाली खिडकीखालून ओरडली, "अहो रिव्होल, तुम्ही पियानो वाजवता ना? मग ते धोबिणीचं गाणं शिका की! नुसतं काय ते टिंगटिंग!"

ऑक्ताव्ह खिडकीतून मागे आला. त्याने माझे झाकण लावले आणि कुलूप घातले.

"त्यानं नाव चोरलं," सोलांज विनवत होती. "तुझ्यातलं गाणं नाही चोरलं."

"जे सुचेल ते कुणीतरी उचलून नेणार. नकोच ते."

मला वाटले, उद्या उघडेल. तो ट्रामवर तिकिटे फाडू लागला. घरी आला की माझ्याकडे पाठ करून जेवायचा. मित्रांनो, फिर्मँने त्याला दगा दिला, आणि त्याने मला. माझा काय अपराध होता? मी तर त्याचा एकही सूर कुणाला विकला नव्हता. अंधारात माझ्या तारा सैल पडल्या, आतल्या हातोड्यांवरचे लोकरी नमदे कसरीने खाल्ले. काही वर्षांनी तो वारल्यावर सोलांजने कुलूप काढले, एक पट्टी दाबली. आवाज आला नाही. "तुलाही असंच टाकलं ना त्यानं?" म्हणत ती बराच वेळ माझ्यापाशी बसली. मग तिने मला जवळच्या शाळेला दिले.

म्हणून सांगतो मुलांनो, कुणी तुम्हाला फसवले, तर त्याचा राग घरात वाट पाहणाऱ्यावर काढू नका. वापरावाचून वाद्य मरते. आणि गाणे आवडले, तर ते कुणी बांधले हे जरूर विचारा.

परवा एका मुलीने इथे धोबिणीचे तेच गाणे वाजवले आणि हे कुणाचे म्हणून विचारले. बाईंनी फिर्मँच्या मेव्हण्याचे नाव सांगितले. माझ्या उरल्यासुरल्या तारा थरथरल्या, पण पियानोला नाव उच्चारता येत नाही. ते तुम्ही सांगा.