अष्टकोनात राहिलेली फट

मित्रांनो, सुतारकामाच्या खोलीत भिंतीला टांगलेला जुना लाकडी त्रिकोण, तो मी. कारागीर मला साचा म्हणतात. माझ्या कडेने रेघ मारायची आणि लाकूड कापायचे, एवढेच माझे काम.

मला बाबांनी घडवले. आपल्या दोघा मुलांना जवळ बसवून ते म्हणाले, "हे बघा, अष्टकोनाच्या मध्यापासून प्रत्येक कोपऱ्याला रेघ मारली की आठ सारखे त्रिकोण होतात. पूर्ण फेरी तीनशे साठ अंशांची. आठ वाटे केले की प्रत्येकाला पंचेचाळीस." माझे टोक बरोबर तेवढेच होते.

बाबांच्या मागे दोघे भाऊ माझ्यावरून टेबले करू लागले. आठ तुकडे असे जुळत, की मध्ये नख शिरत नसे. लोक कौतुकाने हात फिरवत. मी फुलून जाई.

एकदा ग्रंथालयाने मुलांच्या खोलीसाठी टेबल सांगितले. बाबांनी जपलेले शेवटचे शिसवी लाकूड दादाने बाहेर काढले. त्याच सुमारास माझ्या खिळ्यावर नवी करवत आली, आणि दादाने मला सरस तापवायच्या शेगडीवरच्या फळीवर ठेवले. तिथे मी सुकत गेलो. रुंदीला आक्रसलो. टोक जेमतेम अंशभर अरुंद झाले. ते कुणाला दिसणार?

धाकट्याने मला धरून आठही तुकडे कापले. मग म्हणाला, "दादा, आधी नुसते जुळवून बघू का?"

"बाबांचा साचा तपासतोस? लाव सरस. उद्या टेबल न्यायचंय."

मित्रांनो, मला ओरडावेसे वाटले. पण लाकडाला कुठला आवाज!

एकेक तुकडा चिकटत गेला. आठवा बसला, तरी फेरी पुरी झाली नाही. कडेला चार बोटांची फट उरली. प्रत्येक तुकड्यातला एकेक अंश तिथे येऊन साठला होता. दुसऱ्या लाकडाची पाचर ठोकून टेबल कसेबसे गेले. दादा जेवलासुद्धा नाही.

नंतर पावसाची झड लागली. दमट हवेत मी हळूहळू पुन्हा फुगलो, पहिल्यासारखा झालो. नेमके तेव्हाच दादाने मला मोजले.

"पंचेचाळीस. साचा चोख आहे."

"दादा, शपथ घेतो, मी रेघेबाहेर करवत नेली नाही."

"मग काय साचा खोटं बोलतो? बाबांचं लाकूड वाया घालवलंस तू."

धाकट्याने हत्यारांची पिशवी उचलली. वहिनी दारापर्यंत धावली. "भाऊजी, थांबा हो!" तो थांबला नाही.

कितीतरी वर्षांनी, वहिनीच्या आग्रहाने तो परवा आला. केस पिकले होते. त्याने मला हातात घेतले, कडेवरून अंगठा फिरवला, आणि स्वतः मोजले. पंचेचाळीसच भरले.

"मीच चुकलो असेन, दादा."

"जाऊ दे रे आता," म्हणत दादाने मोठ्या मनाने त्याच्या पाठीवर हात ठेवला. वहिनीने डोळे पुसले. मी त्याच्या हातातच होतो, आणि खरे काय ते एकट्या मलाच माहीत होते.

मित्रांनो, आम्हा लाकडांना विस्तवापासून दूर ठेवा. वापरण्याआधी दर वेळी मोजा. आणि कुणी डोळ्यांत पाणी आणून "मी नाही चुकलो" म्हणाला, तर त्याचे जरा ऐकून घ्या. त्याच्या बाजूने बोलायला दुसरे कुणी नसेल.